इन्शकेरनचा पहारा

आर्डनाव, १२ एप्रिल

टॉर्किल,

तुझं पत्र मिळालं. उत्तर ‘नाही’ असं आहे.

एवढंच लिहून पाकीट बंद करणार होते. पण तू तिकडे साता समुद्रापार आजारी आहेस, आणि आजारी माणसाला कारण न सांगता नाही म्हणणं मला बरं वाटेना. तर कारण ऐक. इन्शकेरनवर मठाच्या भिंतीला लागून आपल्या घराण्याच्या थडग्यांची जी रांग आहे, तिच्यात आता एकच जागा उरली आहे. पुरातत्त्व खात्याने एडिनबर्गहून कळवलंय की ती भरली की बेटावर दफन कायमचं बंद. मठ आता सरकारचा आहे. थडगी लोकांनी बघायची, त्यात भर घालायची नाही. ती उरलेली जागा सॉर्लीच्या शेजारची आहे. सॉर्ली तुझा भाऊ होता हे तू पत्रात तीनदा लिहिलंयस, म्हणून तो माझा नवरा होता हे मी एकदा लिहिते.

ती जागा माझी आहे. मी गेले की मला तिथे नेतील आणि सॉर्ली सुटेल. शेवटी पुरलेल्या माणसाने पुढचं प्रेत येईपर्यंत स्मशानाच्या दारावर पहारा द्यायचा, हे तुझ्या आईनेच तुम्हा दोघांना सांगितलं होतं. सॉर्लीनंतर तिथे कुणालाही नेलेलं नाही. सतरा वर्षं तो उभा आहे. माझ्यानंतर कुणी येणार नाही, म्हणजे मला उभं राहावं लागेल ते जग बुडेपर्यंत. त्याला माझी हरकत नाही. मासे भरायच्या कारखान्यात सगळा जन्म मी उभीच होते.

तुझ्या पोटातल्या गाठीचं वाचलं. वाईट वाटलं असं लिहायची रीत आहे.

एफी

आर्डनाव, ९ मे

टॉर्किल,

तू लिहितोस, ‘एफी, तू एवढी वाचणारी बाई, तुझा या भाकडकथांवर विश्वास?’

वाचते खरी. सॉर्ली गेल्यावर दर दुसऱ्या गुरुवारी फिरत्या वाचनालयाची गाडी यायची आणि मी वरच्या फळीपासून सुरुवात केली. रशियातल्या लढाया वाचल्या, मधमाश्यांवरचं वाचलं, संतांची चरित्रं वाचली. एकाही पुस्तकात मला असं काही सापडलं नाही की ज्यामुळे सॉर्ली दारावरून हलेल. माझा विश्वास आहे की नाही हा प्रश्नच नाही. त्याचा होता.

तुझी आई गेली तेव्हा तो दहा-अकरा वर्षांचा असेल. तिच्यानंतर म्हातारी पेगी मरून पहारा बदलेपर्यंत तो रोज संध्याकाळी एकटा वल्हवत बेटावर जायचा आणि दाराशी बसून आईशी बोलायचा, तिला एकटं वाटू नये म्हणून. हे मला त्याने लग्नानंतर बऱ्याच वर्षांनी सांगितलं, तेही तोंड फिरवून. आणि तू धक्क्यावरून ओरडायचास, ‘तिला विचार रे, चहात साखर किती!’ हेही सांगितलं. हसत सांगितलं. तुझ्याबद्दल तो नेहमी हसतच सांगायचा.

पेगी गेली त्या दिवशी तो नाचत घरी आला होता म्हणे. पाद्रीबुवांनी कानफटात मारली.

तुझ्या पत्रात सॉर्लीच्या मरणाचं कारण म्हणून ‘ते हवामान’ असं दोनदा आहे. हवामान नंतर आलं, टॉर्किल. आधी काय झालं ते मी तुला कधी लिहिलं नाही, कारण तू तिथे होतास. पण तुला आठवत नाही असं दिसतं.

होडी तुझ्या हातात असायची आणि पाहुण्यांना मठ दाखवायचं काम सॉर्लीचं. त्या दिवशी निघायच्या वेळी एक बाई म्हणाली, माझा चष्मा विहिरीपाशी राहिला. सॉर्ली तो आणायला परत गेला. वारा फिरायला लागला होता. तू ओरडलास, ‘सगळे आले का?’ कोणीतरी म्हणालं, ‘आले.’ तू दोर सोडलास. माणसं मोजली नाहीस. त्याबद्दल मी तुला दोष देत नाही, कधीच दिला नाही. मोजलेलं समुद्र मागून घेतो, हे आर्डनावमधल्या प्रत्येक पोराला चालायच्या आधी कळतं. तुझ्या बापाने मोजलं नसतं, मीही मोजलं नसतं.

मी धक्क्यावर उभी होते. विचारलं, ‘सॉर्ली कुठाय?’ तू मागे वळून होडीकडे पाहिलंस, जसं काही तो मागच्या फळीखाली लपला असेल. मग म्हणालास, ‘राहिला वाटतं. मठात छप्पर आहे, त्याच्याकडे काडेपेटी आहे. सकाळी आणू त्याला.’

उजेड होता. समुद्र अजून जाता येईल इतका होता. डूगीचा बाप म्हणाला, ‘चल, मी येतो बरोबर.’ तू म्हणालास, ‘अरे, पहाऱ्याची सवय आहे त्याला.’ चार माणसं हसली. तू ओला झाला होतास, म्हणून गुत्त्यात गेलास.

मग हवामान आलं. वादळ चार दिवस राहिलं.

तो मठात सापडला नाही. उतरायच्या खडकावर सापडला, खिशात त्या बाईचा चष्मा. छपराखाली तो बसला नाही, कारण छपराखालून होडी दिसत नाही. त्याला खात्री होती की तू परत फिरशील.

माझं उत्तर तेच आहे.

एफी

आर्डनाव, २१ जून

टॉर्किल,

तुझ्या तिसऱ्या पत्राला उत्तर देणार नव्हते. पण आज एक गोष्ट घडली, आणि ती ज्याला कळेल असा तूच एक उरला आहेस.

मी आज इन्शकेरनची सहल केली, तिकीट काढून. गेली पाच-सहा वर्षं एक कंपनी पाहुण्यांना नेते. मोठी बोट, आत चहा, किनाऱ्यावर लोळणारे सीलही दाखवतात. मी सॉर्लीकडे जायची ती डूगीच्या होडीतून, हिवाळ्यात, बेट रिकामं असताना. तू सारखं आईच्या थडग्याविषयी विचारतोस, म्हटलं उन्हाळ्यात तिथे काय चालतं ते एकदा पाहून तुला कळवावं. तुझ्यासाठी गेले, हे लक्षात ठेव.

तिकिटाच्या खिडकीत शीना होती. ‘एफी? तू? अगं, तुझ्या स्वयंपाकघरातून दिसतं की ते!’

‘दिसतं तेच बघायला चाललेय.’

‘स्थानिकांना सूट आहे.’

‘मी पाहुणी म्हणून चाललेय,’ म्हटलं. तिने जीभ काढून दाखवली आणि पूर्ण भाडं घेतलं.

बोटीच्या दारात एक मुलगी उभी. रोना तिचं नाव, एडिनबर्गची, गोड आहे. तिच्या हातात माणसं मोजायचं, टिकटिक करणारं एक बारकं यंत्र असतं, माणूस चढला की दाबायचं. तिने माझ्याकडे पाहून दाबलं आणि माझ्या अंगावर काटा आला. डूगी सुकाणूच्या खोलीतून बघत होता. कंपनीची बोट आता तोच चालवतो. म्हणाला, ‘काय करू, काकू, नियम आहे. मी आपला तिकडे बघत नाही.’

ते यंत्र सतरा वर्षांपूर्वी असतं तर, असं तुझ्या मनात आलं ना? माझ्याही आलं.

बेटावर रोनाने मठ दाखवला. बरं सांगते. भिक्षू कुठे जेवायचे, कुठे झोपायचे, उत्तरेकडून लुटारू आले तेव्हा कुठे लपले. एक यॉर्कशरचा जाडा गृहस्थ प्रत्येक खोलीत विचारत होता, ‘आणि संडास कुठे?’ त्याची बायको त्याला कोपराने ढोसत होती. मीही हसले, खोटं कशाला सांगू.

मग ती सगळ्यांना स्मशानाच्या दाराशी घेऊन आली. पाठ आपल्या रांगेकडे करून उभी राहिली आणि आवाज खाली आणला.

‘आता इथली खास गोष्ट. जो शेवटी पुरला गेला, त्याने या दारात उभं राहायचं. दिवसरात्र. पुढचं प्रेत येईपर्यंत. म्हणून एकाच दिवशी दोन अंत्ययात्रा निघाल्या की काय व्हायचं माहितीये? शर्यत! शवपेट्या घेऊन पळायचे लोक! एकदा तर या दारातच मारामारी झाली, पेट्या बाजूला ठेवून!’

लोक खूश झाले.

‘आणि सध्या ड्यूटीवर कोण? हा बघा, सॉर्ली! सतरा वर्षं झाली बिचाऱ्याला. सुट्टी नाही, पेन्शन नाही, आणि बदली कामगारही नाही, कारण स्मशान आता जवळजवळ बंदच झालंय. चला, सगळे मिळून हात करा त्याला. हॅलो, सॉर्ली!’

‘हॅलो, सॉर्ली!’

सगळ्यांनी हात केले, टॉर्किल. मुलांनी, बायकांनी, त्या यॉर्कशरवाल्याने. तो म्हणाला, ‘माझी सासू पाठवतो रे तुझ्या जागी,’ आणि त्याच्या बायकोने या वेळी खरंच जोरात ढोसलं. एकाने दाराच्या खांबाला टेकून, सलाम ठोकून फोटो काढून घेतला. एका जर्मन बाईने थडग्यावर अर्धं बिस्किट ठेवलं. तिथे आधीच बरीच होती. पावसात फुगलेली, पक्ष्यांनी टोचलेली. हिवाळ्यात मी जाते तेव्हा तिथे काही नसतं. मला वाटायचं, वारा जागा स्वच्छ ठेवतो.

हे दिवसातून दोनदा होतं. रविवारी तीनदा.

बाकीचे सील बघायला किनाऱ्याकडे गेले, तेव्हा मी रोनाला म्हटलं, ‘तो माझा नवरा.’

ती आधी हसली, मग हसू गेलं. ‘बाई, मला... मला वाटलं त्याचं इथे कुणी उरलं नसेल. आम्हाला कागदावर असंच लिहून देतात, मी फक्त...’

‘गोष्ट बरोबर सांगतेस तू. पेन्शनचं जरा जास्त झालं.’

‘मी उद्यापासून सांगणार नाही. शपथ.’

‘तू नाही तर दुसरी सांगेल. लोक त्याच्यासाठीच येतात.’

ती रडायला लागली. मी तिला जवळ घेतलं नाही. म्हटलं, ‘डोळे पूस, नाहीतर मोजताना चुकशील.’ हे बोलले आणि परतीच्या वाटेवर त्याचाच विचार करत बसले. इतकं वाईट मी आजवर कुणाला बोलले नव्हते. तुलाही नाही.

घरी येऊन खिडकीचा पडदा ओढला.

एफी

आर्डनाव, २ जुलै

टॉर्किल,

जागा तुझी. कागदावर सही करून पाठवते आहे. खात्याला माझीच सही लागते, घराण्यात या गावी मीच उरले.

तू विचारण्याआधी कारण सांगते, म्हणजे उपकार मानायची पाळी येणार नाही. परवा डॉक्टरकडे गेले होते. त्याने कानाला नळ्या लावून ऐकलं आणि म्हणाला, ‘एफी, हे काळीज घोड्याचं आहे.’ माझी आई पंच्याण्णवाव्या वर्षी गेली, मावशी त्याच्याही पुढे. हिशेब तूच कर, मी करत नाही. इतकी वर्षं तो माझ्यासाठी थांबेल, त्याबद्दल प्रश्न नाही. थांबणं त्याला येतं. पण तेवढी वर्षं दिवसातून दोनदा त्याला ‘हॅलो’ करणार, आणि मी या खिडकीत भांडी घासणार.

तुझ्याकडे थोडेच महिने आहेत, असं तुझी मुलगी कर्स्टी लिहिते. म्हणजे हिवाळ्यापर्यंत सॉर्ली मोकळा.

तुझ्यानंतर कुणी येणार नाही. तू शेवटचा. तुझी सुटका नाही. हे मी लपवून ठेवलं असतं तर तू मला फसवी म्हणाला असतास, म्हणून लिहिलं.

एफी

आर्डनाव, १४ ऑगस्ट

टॉर्किल,

आता म्हणतोस, राहू दे. म्हणतोस, इथलं हॅलिफॅक्सचं स्मशान चांगलं आहे, मॅपलची झाडं आहेत, कर्स्टीला फुलं घेऊन येता येईल. तीन पत्रं आईजवळ जायचंय म्हणून रडलास, आणि जागा मिळाल्यावर झाडं आठवली.

कर्स्टीने वेगळं लिहिलंय, तुला न सांगता. चांगली मुलगी आहे, बापावर गेली नाही. म्हणते, ‘काकू, बाबा हल्ली दार उघडं ठेवू देत नाहीत. दारात कोण उभं आहे, असं विचारतात. तुम्ही त्यांना असं काय लिहिलंत?’ मी तिला उत्तर लिहिलं की तुझ्या बापाला विचार.

वाचून मला बरं वाटलं. कसं ते सांगता येणार नाही. सतरा वर्षांत पहिल्यांदा मी ताटात वाढलेलं सगळं जेवले.

तू म्हणायचास ना, की ही म्हाताऱ्या कोंबड्यांची बडबड? मग भितोस कशाला? जे नाहीच, तिथे उभं राहायला काय जातं? आणि जे आहे असं तुला आता, दुखण्यात पडल्यावर वाटायला लागलंय, तिथे तुझा भाऊ उभा आहे. ज्याला थंडी सोसत नव्हती. ज्याला जूनमध्येसुद्धा मी दोन गंजिफ्रॉक घालून पाठवायची आणि तू सगळ्या धक्क्यासमोर त्याला ‘म्हातारे’ म्हणून हाक मारायचास.

कर्स्टी, तू हे त्याला वाचून दाखवतेस हे मला ठाऊक आहे. त्याचे डोळे आता काम करत नाहीत. हे सगळं वाच. काही गाळू नकोस. तुला याचा त्रास होतोय याचं मला वाईट वाटतं, पण तुझा बाप आहे तो, दुसरं कोण वाचणार?

टॉर्किल, मी तुझ्यावर जबरदस्ती करू शकत नाही. तू तिथे मेलास आणि तिथेच पुरलं, तर कागद फाडून टाकेन आणि माझ्या घोड्याच्या काळजाला सांगेन, घाई कर. पण एक ऐक. त्या संध्याकाळी धक्क्यावर तू मला शब्द दिला होतास. ‘सकाळी आणू त्याला’ म्हणाला होतास.

सकाळ झालीय. जा, आण त्याला.

एफी

आर्डनाव, २७ सप्टेंबर

टॉर्किल,

तुझं पाकीट आलं. आत एकच ओळ, तुझ्या स्वतःच्या हाताची. अक्षरं एकमेकांवर चढली होती, तरी लागलं. ‘येतो. त्याला सांग.’

सांगितलं. काल डूगीबरोबर गेले होते. सहली आता संपत आल्यात, बेटावर आम्ही दोघंच होतो. डूगी दाराबाहेर थांबला आणि टोपी हातात घेऊन दुसरीकडे बघत राहिला. काय सांगितलं ते तुला लिहीत नाही, ते आमचं आहे.

तुझी व्यवस्था अशी. तुझी पेटी विमानाने ग्लासगोला येईल, तिथून गिलीसची गाडी. गिलीस म्हणजे आपल्याकडचा अंत्यसंस्कारवाला, थोरला वारला, हा त्याचा मुलगा. पाद्रीबुवा नवे आहेत, होडीत बसायला तयार आहेत. डूगी म्हणाला, पाद्री होडीत असेल तर मी दोर सोडणार नाही, अपशकुन आहे. मग असं ठरलं की पाद्री दुसऱ्या होडीतून येईल. पूर्वीचा तू हसला असतास. खांदा द्यायला माणसं मिळाली. त्यातली दोघं, त्या दिवशी धक्क्यावर हसलेली.

माफ केलं असं लिहून पाठव, म्हणजे बाबांना शांत झोप लागेल, असं कर्स्टीने खाली लिहिलं होतं. मुलगी आहे, तिने विचारलं हे बरोबर. मी दोन दिवस कागद समोर ठेवून बसले. माफ केलं असं लिहिता येईल, अक्षरं अवघड नाहीत. पण तू ते खरं मानशील आणि मग तिथे उभं राहताना तुला वाटेल की आपण उपकार करतोय. तू उपकार करत नाहीस. तुझी पाळी आहे.

गिलीस घरी आला होता कागद घेऊन. तुझे सगळे कागद झाल्यावर खोकला आणि म्हणाला, ‘काकू, एक विचारू का? बेटावरची जागा यांना दिलीत. मग तुमचं काय?’

‘माझं काय म्हणजे?’

‘म्हणजे... शेवटी सगळ्यांनाच लागते.’

मग त्याच्या गाडीतून नव्या स्मशानात गेलो. गावाबाहेर, पेट्रोल पंपाच्या मागे. गवत छान कापलेलं असतं, गाड्यांचा आवाज येतो. समुद्र दिसत नाही. मधे टेकडी आहे. तिथे दर महिन्याला कुणीतरी येतंच, कुणाला फार उभं राहावं लागत नाही. गिलीस रांगेरांगेने मला दाखवत होता. ही कोरडी आहे, इथे ऊन येतं. लग्नाच्या माणसांना आम्ही सहसा जोडजागा देतो, म्हणाला, पुढेमागे कुणाला शेजारी आणायचं झालं तर.

त्या बेटावरून आता कुणाला आणता येणार नाही, आणि तिथे कुणाला नेता येणार नाही. सॉर्लीच्या एका बाजूला तुमची आई. दुसऱ्या बाजूला तू.

‘मग, काकू? एकेरी लिहू की दुहेरी?’

‘एकेरी,’ म्हटलं.

एफी